दोघींचा एकच काता

५ ऑगस्ट २०२१. टोकियोच्या निप्पॉन बुदोकानमधल्या प्रेक्षकांच्या सगळ्या खुर्च्या रिकाम्या. साथीचं वर्ष होतं आणि ऑलिंपिक बंद दारांआड चाललं होतं. त्या अष्टकोनी सभागृहात मधोमध मॅट टाकलेली, समोर सात पंच बसलेले. दोन स्त्रिया एकीमागून एक त्या मॅटवर आल्या. दोघींनी कमरेत वाकून अभिवादन केलं आणि खणखणीत आवाजात एकच नाव पुकारलं: चातान्यारा कुशान्कू. मग दोघींनी न दिसणाऱ्या शत्रूंशी तीच लढाई त्याच क्रमाने लढून दाखवली. एकीला २७.८८ गुण मिळाले, दुसरीला २८.०६.

२८.०६ गुण मिळवणारी होती स्पेनची सांद्रा सांचेस. ऑलिंपिकच्या इतिहासातलं कराटेचं ते पहिलं सुवर्णपदक. तेव्हा ती ३९ वर्षांची होती आणि बरोबर सहा आठवड्यांनी तिला चाळीस पूर्ण होणार होती. जपानची कियो शिमिझु दुसरी आली. तिचं वय २७.

या ०.१८ गुणांच्या फरकाने मला झपाटलं आहे. धावण्याच्या शर्यतीत घड्याळ असतं, कुस्तीत पाठ टेकते, फुटबॉलमध्ये गोल होतो. इथे यातलं काहीच नव्हतं. प्रतिस्पर्धी एकमेकींना शिवल्याही नाहीत. हालचाली त्याच, त्यांचा क्रम तोच, दिशाही त्याच. तरी सात माणसांना फरक दिसला, आणि तो दशांश चिन्हापुढच्या दोन अंकांत मांडता आला. हा फरक नेमका राहतो कुठे? पायांत, श्वासात, की दोन हालचालींच्या मधल्या जागेत?

आपल्याकडे कराटे म्हटलं की बहुतेकांना आठवतात ती हाताच्या कडेने फोडलेली कौलं आणि ट्यूबलाइटी, किंवा शाळेच्या मैदानावर पांढऱ्या ड्रेसमध्ये रांगेने उभी असलेली मुलं आणि त्यांच्या बेल्टच्या परीक्षा. स्पर्धेतल्या कराटेचे दोन भाग आहेत. एक कुमिते, म्हणजे समोरासमोरची लढत. दुसरा काता, म्हणजे ठरलेल्या हालचालींची एकट्याने सादर करायची मालिका. काता पाहताना नवखा माणूस हमखास गोंधळतो. हे नृत्य आहे की व्यायाम, हे त्याला कळेनासं होतं. खरं तर काता ही लढाई जपून ठेवण्याची एक रीत आहे. ओकिनावाच्या जुन्या गुरूंनी आपली विद्या ग्रंथांत फारशी लिहून ठेवली नाही. ती त्यांनी शिष्यांच्या शरीरांत ठेवली. प्रत्येक हालचालीच्या पलीकडे एक माणूस उभा आहे असं धरलेलं असतं. तो मनगट पकडतो, मागून कवेत आवळतो, काठीने डोक्यावर वार करतो. कात्यातलं प्रत्येक वळण, प्रत्येक उडी हे त्याला दिलेलं उत्तर असतं. हे उत्तर उलगडून दाखवण्याला बुनकाई म्हणतात, आणि सांघिक काताच्या पदकफेरीत ते खऱ्या माणसांवर करूनही दाखवावं लागतं. वैयक्तिक काताला मात्र शत्रू शेवटपर्यंत अदृश्यच राहतो. पाहणाऱ्याला तो दिसायला हवा, ही सगळी जबाबदारी एकट्या खेळाडूवर.

एकच राग, एकच बंदिश दोन थोर गायिकांकडून लागोपाठ ऐकली असेल त्याला या अंतिम फेरीची गंमत चटकन कळेल. सूर तेच, शब्द तेच, आणि तरी दोन्ही गाणी वेगळी.

ही बंदिश बरीच जुनी आहे. १८व्या शतकात, ओकिनावा हे रिउक्यु नावाचं स्वतंत्र राज्य असताना, चीनमधून कुशान्कू नावाने ओळखला जाणारा एक युद्धकलेचा जाणकार तिथे आला होता. त्याच्या विद्येची आठवण ज्या कात्यांतून टिकली, त्यांना त्याचंच नाव मिळालं. एकाच मुळापासून त्याच्या बऱ्याच शाखा झाल्या. आपल्याकडच्या अनेक क्लासमध्ये शिकवला जाणारा शोतोकान शैलीतला कांकू-दाई त्यातलाच एक. चातान्यारा कुशान्कू हे नाव सांगतं की ही शाखा चातान गावच्या यारा या माणसाच्या परंपरेतली. चातान आजही ओकिनावाच्या किनाऱ्यावर आहे. त्या गावातल्या एका माणसाच्या नावाने चालत आलेली हालचालींची माळ ओसाकाच्या एका मुलीने उचलली आणि स्पेनमधल्या तालाव्हेरा दे ला रेइना या शहरातल्या एका मुलीनेही, आणि दोघी तीच घेऊन एका मॅटवर भेटल्या. मला हे कुठल्याही पदकाइतकंच थरारक वाटतं.

हाच काता २०१२ साली पॅरिसच्या जागतिक स्पर्धेच्या अंतिम फेरीत जपानच्या रिका उसामीने केला होता. त्याचं चित्रीकरण जगभर लाखो लोकांनी पाहिलं आहे. कराटेशी काडीचाही संबंध नसलेली माणसंही ते पाहताना बोलायची थांबतात.

आता शरीराकडे येऊ, कारण खरं नवल तिथे आहे.

ठोसा हाताने मारतात असं आपल्याला वाटतं, पण तो निघतो जमिनीतून. मागच्या पायाची टाच जमिनीला रेटते आणि जमीन तितक्याच जोराने उलट रेटते. तो रेटा गुडघ्यातून कमरेत येतो. कंबर वळते, तिच्या पाठोपाठ खांदा निघतो, मग कोपर आणि सगळ्यांत शेवटी मूठ. प्रत्येक सांधा आधीच्याकडून मिळालेल्या वेगात स्वतःची भर घालून तो पुढे देतो. खांदा कमरेच्या आधी निघाला, अगदी डोळ्याची पापणी लवण्याइतक्या वेळाने आधी निघाला, तरी खालून आलेला जोर वाया जातो आणि ठोसा नुसत्या हाताचा उरतो. सामान्य प्रेक्षकाला हे दिसत नाही, पण कुठेतरी काहीतरी पोकळ आहे हे त्यालाही जाणवतं. पंचाला ते नेमकं दिसतं.

पण वेग निर्माण करणं हे तुलनेने सोपं काम. अवघड असतं ते थांबवणं. पंचिंग बॅगवर ठोसा मारला की बॅग त्याला थांबवते. हवेत मारलेल्या ठोशाला थांबवायला कोणी नसतं. दंडाच्या मागचा स्नायू कोपर सरळ करतो, आणि कोपराचा सांधा झटका खाण्याच्या आत दंडाच्या पुढच्या स्नायूने त्याला आवरायचं असतं. हे दोन स्नायू एकमेकांच्या विरुद्ध ओढणारे. दोन्ही सुरुवातीपासूनच आवळलेले असतील तर मूठ जागची हलायलाच वेळ लागते. म्हणून आधी सगळं सैल सोडायचं, वाटेतही सैल राहायचं, शेवटच्या क्षणी पाय, पोट, पाठ, खांदा, मूठ एकदम आवळायचं आणि पुढच्याच क्षणी पुन्हा सोडून द्यायचं. या एका क्षणाला कराटेत किमे म्हणतात. सैलपणा आणि आवळलेपण यांच्यातलं अंतर जितकं मोठं आणि त्यांच्यातला बदल जितका अचानक, तितका तो ठोसा पाहणाऱ्याच्या छातीत लागतो. सांचेसचा हात थांबतो तेव्हा तो खरोखरच थांबतो. मुठीला कंप नसतो, खांदा किंचितही उसळत नाही. बाहीच्या जाड सुती कापडाचा फट्ट असा आवाज येतो आणि पुढचा क्षणभर त्या बाहीखेरीज काही हलत नाही.

या आवाजाबद्दल नियम कडक आहेत. मुद्दाम पाय आपटणं, छातीवर किंवा ड्रेसवर थाप मारून आवाज काढणं, उगीच फुसकारे टाकणं, हे सगळं दोष मानलं जातं. आवाज हालचालीतून आपोआप आला पाहिजे. ओरडण्याचंही तसंच. कात्यात किआईच्या, म्हणजे या ओरडण्याच्या, जागा ठरलेल्या असतात. त्या ओरडण्यात भीती घालण्याचा भाग असेलही, पण शरीराच्या दृष्टीने त्याचं काम वेगळं आहे. श्वास जोराने बाहेर पडताना पोटाचे स्नायू आवळले जातात, धड क्षणभर एकसंध होतं आणि पायांकडून आलेला जोर वाटेत न सांडता हातापर्यंत जातो. प्रेक्षक नसलेल्या बुदोकानमध्ये त्या दिवशी या किआई भिंतींवर आपटून परत येत होत्या. टाळ्यांच्या कल्लोळात एरवी बुडून गेले असते असे पावलांचे, कापडाचे, श्वासाचे आवाज त्या चित्रीकरणात स्वच्छ ऐकू येतात.

मग संथ हालचाली. नवख्याला वाटतं की कात्यातला वेगवान भाग कठीण आणि संथ भाग विसाव्याचा. उलट आहे. वेगात थोडासा डळमळलेला तोल लपून जातो, संथपणात लपायला जागाच नसते. एका पायावर वजन ठेवून दुसरा पाय इंच इंच सरकवताना घोट्याभोवतीचे बारीक स्नायू सेकंदात कितीतरी वेळा शरीराला सावरत असतात. कानाच्या आतला तोलाचा अवयव, डोळे आणि सांध्यांतून मेंदूकडे जाणारे संदेश या तिघांचा मेळ लागला तरच ते शरीर बाहेरून स्थिर दिसतं. कुशान्कूच्या घराण्यात तर याची क्रूर परीक्षा आहे. उभं असलेलं शरीर एकाएकी जमिनीलगत जातं, जणू डोक्यावरून काहीतरी सणसणत गेलं, आणि तिथून तितक्याच चटकन उठून पुढच्या शत्रूकडे वळायचं असतं. मांड्यांची सगळी ताकद तिथे पणाला लागते, आणि उठल्यावर डोकं हललं तर सगळं उघडं पडतं.

आणि नजर. वळताना आधी डोळे वळतात, मग मान, मग कंबर. हा क्रम पाळला की पाहणाऱ्याला त्या दिशेला खरंच कोणीतरी उभं असल्याचा भास होतो. हा क्रम चुकला तर ती नुसती गिरकी ठरते. सांचेसच्या कात्यात मला सगळ्यांत जास्त आवडते ती तिची ही नजर. ती एखाद्या दिशेला पाहते तेव्हा आपणही तिकडे पाहतो.

ही बाई इथवर पोहोचली कशी, हेही सांगायला हवं, कारण तिची वाट नेहमीच्या विजेत्यांची नाही.

तालाव्हेरा दे ला रेइना हे ताहो नदीकाठचं, चिनीमातीच्या रंगीत भांड्यांसाठी प्रसिद्ध असलेलं शहर. सांद्राचा जन्म तिथला, १६ सप्टेंबर १९८१चा. मोठा भाऊ कराटेला जायचा. घरच्यांनी मुलीला नृत्याच्या वर्गात घातलं, तिला मात्र भावाच्या मागे जायचं होतं, आणि ती गेली. वय चार-पाच वर्षांचं. गुण दिसत होते. पुढे माद्रिदच्या उच्च दर्जाच्या प्रशिक्षण केंद्रात तिला जागाही मिळाली. पण आईला कर्करोग झाला आणि सांद्रा केंद्र सोडून आईपाशी घरी परतली. खेळाच्या जगात असा निर्णय सहसा कायमचा ठरतो. त्या रांगेत मागे दहाजण उभे असतात, आणि विशीतली गेलेली वर्षं कोणी परत देत नाही.

मधल्या काळात ती काही काळ ऑस्ट्रेलियातही राहिली. कराटे सुटलं नाही. पुढे माद्रिदमध्ये हेसुस देल मोराल हे प्रशिक्षक तिला भेटले, आणि नंतर तेच तिचे जोडीदार झाले. त्यांच्या हाताखाली तिने आपला काता पुन्हा घडवला. तिशी जवळ आलेल्या खेळाडूने आपल्या सवयी मोडून नव्याने सुरुवात करायची याला फार मोठा धीर लागतो. शरीराने वीस-पंचवीस वर्षं घोटलेली हालचाल विसरणं हे नवी हालचाल शिकण्याहून कितीतरी जड असतं.

२०१५च्या मार्चमध्ये इस्तंबूलला युरोपियन अजिंक्यपद स्पर्धा झाली. सांचेस ३३ वर्षांची होती. या वयात कात्यातले बरेच खेळाडू निवृत्त होऊन शिकवायला लागलेले असतात. उसामी तर २०१२चं जागतिक विजेतेपद मिळवून विशीतच थांबली होती. सांचेसने इस्तंबूलला सुवर्णपदक जिंकलं. पुढच्या वर्षी माँपेलिएला पुन्हा, मग कोजाएलीला, नोव्ही सादला, ग्वादालाहाराला. युरोपियन विजेतेपदांची ही माळ २०२२पर्यंत सातवर गेली. जागतिक संघटनेच्या प्रीमियर लीग मालिकेत तिने २०१४ ते २०२० या काळात ३५ पदकं मिळवली आणि त्याची नोंद गिनेस बुकात झाली. आकडे मोठे आहेत, पण मला जास्त बोलतं ते त्यांच्यामागचं वय. हे सगळं तिशी उलटल्यावरचं आहे.

या वाटेवर जवळजवळ प्रत्येक मोठ्या वळणावर समोर शिमिझु होती. ओसाकाची, सांचेसहून बारा वर्षांनी लहान, तिच्यासारखीच कराटेच्या शितो-र्‍यू परंपरेतली. २०१४ची आणि २०१६ची जागतिक विजेती. २०१६ला लिंझमध्ये शिमिझु पहिली आली तेव्हा सांचेसला कांस्य मिळालं होतं. दोन वर्षांनी, नोव्हेंबर २०१८मध्ये, माद्रिदला या दोघी जागतिक अंतिम फेरीत आमनेसामने आल्या आणि घरच्या प्रेक्षकांसमोर सांचेस जिंकली. जागतिक कराटे स्पर्धेत महिलांचे गट पहिल्यांदा आले ते १९८० साली, आणि तेही माद्रिदमध्येच. तेव्हा सांचेसचा जन्मही झाला नव्हता.

माद्रिदपर्यंत काताचा निकाल झेंड्यांवर लागायचा. पाच पंच, प्रत्येकाच्या हातात एक लाल आणि एक निळा झेंडा. दोघींचं सादरीकरण संपलं की शिटी वाजायची आणि झेंडे वर जायचे. बहुमत ज्या रंगाला, तो विजेता. फरक तसूभर होता की हातभर, हे झेंडा सांगत नसे. २०१९पासून गुण आले, आणि त्यामुळे टोकियोच्या त्या ०.१८च्या आत डोकावता येतं.

नियम असा होता. सात पंचांपैकी प्रत्येकाने दोन वेगवेगळे गुण द्यायचे. एक तांत्रिक: उभं राहण्याच्या पद्धती, वार आणि बचाव, एका हालचालीतून दुसरीत जाणं, वेळेचं भान, श्वास, किमे आणि आपल्या शैलीशी इमान. दुसरा शारीरिक: ताकद, वेग आणि तोल. गुण ५ ते १०, आणि पायरी ०.२ची. मग दोन्ही याद्यांतले सर्वांत वरचे दोन आणि सर्वांत खालचे दोन आकडे काढून टाकायचे. उरलेल्या तीन आकड्यांची बेरीज करायची. तांत्रिक बेरजेला ७० टक्के वजन, शारीरिक बेरजेला ३०.

आता २८.०६ आणि २७.८८ या आकड्यांची उलट्या दिशेने फोड करून पाहा. पायरी ०.२ची असल्यामुळे फार थोड्या जोड्या बसतात. सांचेससाठी सरळ बसणारी जोडी म्हणजे तांत्रिक २८.० आणि शारीरिक २८.२. पहिल्याचे ७० टक्के १९.६०, दुसऱ्याचे ३० टक्के ८.४६, बेरीज २८.०६. शिमिझुसाठी तांत्रिक २८.० आणि शारीरिक २७.६. म्हणजे १९.६० अधिक ८.२८, बेरीज २७.८८. बाकीच्या कुठल्याही जोडीत तांत्रिक आणि शारीरिक बेरजांमध्ये दीड गुणाहून मोठी दरी पडते, आणि या दर्जाच्या सादरीकरणाला इतके विषम गुण मिळणं पटण्यासारखं नाही. ही फोड मी मांडलेली आहे, पण गणित स्वच्छ आहे आणि ते जे सांगतं त्याने मी थक्क झाले.

तंत्रात दोघी बरोबरीत. ओकिनावाची जुनी माळ दोघींच्या हातांत सारखीच शुद्ध. फरक पडला तो शारीरिक गुणांत, ०.६चा, म्हणजे हिशेबात धरलेल्या तीन पंचांमागे सरासरी एकेक पायरी. ताकद, वेग, तोल. आणि इथे पुढे होती ती ३९ वर्षांची बाई, २७ वर्षांची नव्हे.

हे कसं व्हावं? तिशी ओलांडली की स्नायूंमधले चपळ तंतू हळूहळू झिजायला लागतात. शंभर मीटर धावणारी माणसं चाळिशीत सुवर्णपदकं जिंकत नाहीत. पण कात्यातला वेग घड्याळावर मोजलेला नसतो. तो स्थिरतेच्या पार्श्वभूमीवर दिसतो. हालचालीच्या आधीचा क्षण जितका निश्चल, तितकी ती वीज लखलखते, आणि निश्चलता ही चपळाईइतकी लवकर ओसरणारी गोष्ट नाही. ताकदीचंही तेच. ती स्नायूंच्या जाडीपेक्षा सांध्यांच्या क्रमात असते, आणि क्रम वर्षानुवर्षांच्या घोटण्याने पक्का होतो. शिवाय सांचेसला मध्ये मोकळी वर्षं मिळाली होती. तिची स्पर्धात्मक कारकीर्द उशिरा सुरू झाली, तेव्हा विशीतच मोठ्या स्पर्धांच्या दगदगीने झिजणाऱ्या खेळाडूंपेक्षा तिच्या सांध्यांनी कमी सोसलं असावं. आईच्या आजारपणात गेलेल्या वर्षांना नुकसान म्हणायचं की नाही, हे मला आता सांगता येत नाही.

शिमिझुला या हिशेबात दुय्यम समजू नये. कराटेच्या मायदेशात, ज्या इमारतीचं नावच युद्धकलांशी जोडलेलं आहे त्या इमारतीत, सगळ्या देशाच्या अपेक्षा खांद्यांवर घेऊन आणि एकही प्रेक्षक टाळी वाजवायला नसताना ती उभी राहिली होती. आशियाई क्रीडा स्पर्धांत तिने २०१४ आणि २०१८ला सुवर्ण जिंकलं होतं. टोकियोनंतर ती थांबली नाही आणि २०२३मध्ये हांगचौला तिसऱ्यांदा आशियाई विजेती झाली. टोकियोतल्या त्या दिवशीची कांस्यपदकं हाँगकाँगच्या ग्रेस लाऊ आणि इटलीच्या विव्हियाना बोत्तारो यांना मिळाली. दुसऱ्या दिवशी पुरुषांच्या कात्यात ओकिनावाच्याच र्‍यो कियुनाने २८.७२ गुण मिळवून सुवर्ण जिंकलं आणि पदक घेताना आपल्या दिवंगत आईचा फोटो हातात धरला. ज्या बेटावर ही विद्या जन्मली त्या बेटाच्या माणसाने तिचं ऑलिंपिक पदक घरी नेलं, हे पाहताना डोळे भरून आले.

सांचेसने २०२१च्याच नोव्हेंबरमध्ये दुबईला दुसऱ्यांदा जागतिक विजेतेपद मिळवलं. चाळिशी पूर्ण झाली होती. २०२२च्या जुलैमध्ये अमेरिकेतल्या बर्मिंगहॅमला वर्ल्ड गेम्सचं सुवर्ण घेतलं आणि स्पर्धांना निरोप दिला.

टोकियोनंतर ऑलिंपिकच्या मॅटवर कोणी कुशान्कू पुकारलेला नाही. टोकियोत कराटे यजमान शहराच्या निवडीने आलं होतं. पॅरिसने २०२४साठी ते घेतलं नाही. २०२८च्या लॉस एंजेलिससाठी जी यादी ठरली तिने आपल्याला क्रिकेट दिलं, त्याचा आपल्याकडे खूप आनंद झाला. त्याच यादीत कराटे नव्हतं, आणि त्याची फारशी कोणाला हळहळ वाटली नाही. मला ती वाटते. डोळ्यांना इतकं बारीक पाहायला शिकवणारे खेळ थोडे आहेत.

म्हणून एक विनंती. टोकियोची ती अंतिम फेरी मिळवून दोघींचे काते लागोपाठ पाहा. पहिल्यांदा आवाज बंद करून, फक्त पाय आणि नजर पाहत. दुसऱ्यांदा डोळे मिटून, फक्त कापड, पावलं आणि श्वास ऐकत. आणि तुमच्या घरातलं मूल कराटेला जात असेल, तर पुढच्या परीक्षेनंतर त्याला कोणता बेल्ट मिळाला हे विचारण्याआधी त्याचा काता पूर्ण पाहा आणि प्रत्येक वळणावर कोण उभं होतं ते त्यालाच विचारा.